बाळंतपणाच्या दिवशीची हजेरी

"तुझ्या वाईटावर कुणी असेल तर मला त्याची काळजी नाही, रेवती. तू मैत्रिणींपासून जपून राहा."

कॉलेजच्या जिन्यात माझ्या हातातली पिशवी काढून घेत वझरकर मॅडम म्हणाल्या. मला सातवा महिना संपत आला होता. आमचं लॉ कॉलेज बँकेच्या वरच्या मजल्यावर, आणि जिना असा उभा, की चढून गेल्यावर पहिली पाच मिनिटं मला कायद्यातलं अक्षर समजायचं नाही. मी कठड्याला धरून दम खात होते. शाहीन दोन पायऱ्या पुढं उभी राहून माझी वाट बघत होती.

"माझ्याकडं बघून म्हणू लागल्या का मॅडम?" तिनं विचारलं.

"दुसरी कोण आहे इथं? मंगळवारी ही दवाखान्यात होती. हिच्या नावाला 'येस मॅडम' कोण म्हणालं?"

"मॅडम, सर्दी झाली की हिचा आवाज माझ्यासारखा येतो."

"येऊ दे. पण सर्दी झालेली मुलगी वर्गात तरी असावी लागते."

मॅडम आम्हाला पुराव्याचा कायदा शिकवायच्या. तीस वर्षं तोच विषय, तीच फिक्या रंगाची सुती साडी, आणि हजेरी नंबरानं न घेता नावानं घ्यायची सवय. नाव घ्यायच्या, मान वर करायच्या, मग लिहायच्या. त्यांच्या तासाला हजेरीतच बराच वेळ जातो म्हणून प्राचार्य कुरकुरायचे.

"हसू नको," त्या मला म्हणाल्या. "माया करणारं माणूस खोटी साक्ष लवकर देतं."

मी 'हो मॅडम' म्हटलं आणि वर गेल्यावर शाहीनबरोबर पोट धरून हसले. ते शेवटचं वर्ष होतं. बाळंतपण जानेवारीत, परीक्षा एप्रिलच्या शेवटी. मधल्या दिवसांचा सगळा हिशेब मी मनात मांडून ठेवला होता. सव्वा महिना घरात, मग आत्यांकडं बाळ देऊन कॉलेज. सासूबाईंना मी आत्या म्हणते, आमच्याकडं तशीच पद्धत आहे. आई मी शाळेत असतानाच गेली, म्हणून बाळंतपण सासरीच होणार होतं. नवरा पुण्याला नोकरीला, पंधरा दिवसांनी यायचा.

शर्वी झाली तेव्हा सकाळचे तास चालू होते. मी दवाखान्यात टेबलावर ओरडत होते, आणि त्याच वेळी बँकेच्या वरच्या मजल्यावर माझ्या नावाला कुणीतरी 'येस मॅडम' म्हटलं होतं. हे मला पुढं कळलं. कोर्टात.

शाहीन आधी दवाखान्यात आणि मग घरी, रोज संध्याकाळी यायला लागली. पायावर पाणी घेऊन यायची, बाळाला लांबून बघायची आणि माझ्याकडं जवळून.

"आज केस विंचरलेस का?"

"नाही."

"कामून?"

"कुणासाठी विंचरू? तू काय नवरदेव लागून गेलीस?"

"जेवलीस काय? हसलीस का दिवसभरात?"

"तू पोलिसात भरती झालीस का गं?"

ती हसायची, पण उत्तर घेतल्याशिवाय उठायची नाही. आत्या तिला अळिवाची खीर द्यायच्या आणि म्हणायच्या, "बाळंतीण ही हाय का तू? निम्मी खीर तूच खाऊ लागलीस."

सव्वा महिना होत आला आणि मला काहीतरी झालं. काय झालं ते तेव्हा सांगता आलं नसतं. शर्वी झोपली की मी तिच्या नाकाशी बोट धरून बसायची, श्वास चालू आहे ना म्हणून. ती उठून रडली की वाटायचं, हिला कुणीतरी घ्यावं, मी सोडून. जेवण पुढ्यात निवायचं. आधी रडू यायचं, मग तेही येईना. आत्या म्हणायच्या, "पहिलटकरीण हाय, व्हतं असं." नवरा फोनवर म्हणायचा, "आराम कर." मी सगळ्यांना एकच उत्तर द्यायची, बरी आहे.

शाहीनला मात्र ते उत्तर देता येईना. ती समोर बसून बघायची. म्हणून एका संध्याकाळी तिची हाक आली तेव्हा मी आत्यांना म्हटलं, "झोपलेय म्हणून सांगा."

आत्या दारात गेल्या. "झोपलीय गं पोरी."

आत शर्वी टिपेला जाऊन रडत होती. झोपलेल्या आईचं बाळ इतका वेळ कुणी रडू देत नाही, हे शाहीनला कळलं असणार. ती उंबऱ्याबाहेर थोडा वेळ उभी राहिली. फाटकाची कडी वाजली आणि ती गेली.

दुसऱ्या दिवशी दुपारी दारात वझरकर मॅडम उभ्या. हातात छत्री, काखेत पर्स, चेहरा घामानं ओला. त्या कधी कुणाच्या घरी जात नसत. त्या कशाला आल्या ते मी ओळखलं. हजेरी, दुसरं काय असणार. मी उठून पदर सारखा केला आणि सुरुवात केली, "मॅडम, मी पुढच्या सोमवारपासून नक्की..."

"बाळ दे इकडं."

त्यांनी शर्वीला घेतलं. सराईत हात होते. स्वतःचं मूल नव्हतं त्यांना, पण भावंडांची सहा वाढवली होती म्हणे.

"जा, डोक्यावरून पाणी घे. सावकाश घे. मी बसलेय."

मी न्हाणीत गेले. पाणी डोक्यावर घेता घेता मला रडू आलं, कितीतरी दिवसांनी. बाहेर मॅडम आत्यांशी बोलत होत्या, खालच्या आवाजात, पण मला ऐकू येत होतं.

"आळस नाही हा, आक्का. अंगात ताप असता तर तुम्ही थांबला असता का? हा तसाच आहे, फक्त हाताला लागत नाही. उद्या डॉक्टरकडं न्या."

"लोक काय म्हणतील, वेडी झाली म्हणतील."

"तुम्ही सांगा, मॅडमनी नेलं. मला लोक आधीच वेडी म्हणतात."

दुसऱ्या दिवशी आत्या मला घेऊन गेल्या. रिक्षात माझा हात त्यांनी स्वतःच्या मांडीवर धरून ठेवला होता. औषधं सुरू झाली. झोप लागायला लागली. एका सकाळी शर्वीनं माझ्याकडं बघून तोंड वेडंवाकडं केलं आणि मला हसू फुटलं. आत्या स्वयंपाकघरातून धावत आल्या आणि दारातच थांबल्या. परत जाऊन त्यांनी शिरा केला.

मी कॉलेजला परत गेले तोवर मार्च उजाडला होता. आणि एप्रिलमध्ये बोर्डावर नाव लागलं. हजेरी पंच्याहत्तर टक्क्यांच्या खाली, परीक्षेला अपात्र. दवाखान्याचं आणि नंतरच्या आजाराचं सर्टिफिकेट घेऊन मी प्राचार्यांकडं गेले. त्यांनी ते चष्मा वर करून वाचलं आणि म्हणाले, "बाळंतपण काय अचानक येतं का? प्लॅनिंग करायला पाहिजे. आणि हे दुसरं, मनाचा आजार. असं कुणीही आणून देईल."

आमच्याच कॉलेजातून शिकून गेलेले बोर्डे वकील औरंगाबादला खंडपीठात काम करायचे. त्यांनी याचिका दाखल केली. परीक्षा तोंडावर आलेली, म्हणून लगेच तारीख मिळाली. कोर्टानं मूळ हजेरीपट घेऊन यायला सांगितलं.

सुनावणीच्या दिवशी आम्ही सकाळच्या एस.टी.नं निघालो. मी, शाहीन, आत्या आणि आत्यांच्या मांडीवर शर्वी. मी वाटभर नोट्स वाचत होते आणि दर दोन ओळींनी शर्वीचा श्वास बघत होते. ती सवय अजून गेली नव्हती.

कोर्टाच्या व्हरांड्यात बोर्डे वकिलांनी मला बाजूला घेतलं. त्यांच्या हातात कॉलेजचं उत्तर होतं.

"ताई, एक सांगा. बाळ झालं त्या दिवशी तुम्ही कॉलेजात होतात का?"

"काय विचारता सर?"

"हजेरीपटात तुम्ही हजर आहात. त्या दिवशी, दुसऱ्या दिवशी, जवळजवळ महिनाभर. वझरकर मॅडमच्या प्रत्येक तासाला. कॉलेज म्हणतंय, ही बाई वर्गात बसली होती, म्हणजे दवाखान्याचं सर्टिफिकेट खोटं. एक खोटं म्हणजे दुसरंही खोटं. मनाच्या आजाराचं तर मग कोण ऐकणार?"

मी शाहीनकडं बघितलं. तिच्या तोंडावरचा रंग उडाला होता.

"तुमच्या नावाला उत्तर कुणी दिलं ते सांगा," वकील म्हणाले. "त्या व्यक्तीनं प्रतिज्ञापत्र केलं की आपण सुटलो."

"मी सांगते सर," शाहीन म्हणाली. "मीच..."

"तू गप्प बस." मी इतक्या जोरात म्हटलं की शर्वी दचकली. "सर, उत्तर देणाऱ्याचं काय होईल?"

"कॉलेजचा नियम तुम्हाला माहीत आहे. खोटी हजेरी लावणाऱ्याला परीक्षेला बसू देत नाहीत. वर्ष जातं."

शाहीनच्या घरात कपाटावर वर्तमानपत्रात गुंडाळलेली एक पाटी होती. ॲड. शाहीन पटेल. तिच्या अब्बांनी ती दुसऱ्या वर्षालाच रंगवून आणली होती आणि मोहल्ल्यातल्या प्रत्येकाला एकदा तरी उघडून दाखवली होती.

"मला माहीत नाही कुणी दिलं," मी वकिलांना म्हटलं. "मी टेबलावर होते."

"रेवा," शाहीन म्हणाली, "तुझं वर्ष जाईल."

"पुढच्या वर्षी देईन."

"पुढच्या वर्षी तू येशील? मला बघून सांग."

मी बघितलं नाही. पुढच्या वर्षी कोण सोडणार होतं मला. बाळ, घर, आणि तोवर नवऱ्यानं पुण्यात खोली बघितलेली असणार. हे दोघींनाही माहीत होतं. आमच्या केसचा पुकारा झाला. आत्या बाळाला घेऊन व्हरांड्यात थांबल्या. आम्ही आत जाऊन मागच्या बाकावर बसलो आणि मी शाहीनच्या ओढणीचं टोक माझ्या मनगटाला दोन वेढे देऊन धरलं. उठलीच तर मलाही घेऊन उठावं लागलं असतं.

पुढं दोन न्यायमूर्ती होते, बोलत एकच होते. कॉलेजच्या वकिलांच्या मागं वझरकर मॅडम हजेरीपट मांडीवर घेऊन बसल्या होत्या. कॉलेजनं त्यांनाच पाठवलं होतं. त्यांनी मागं वळून बघितलं नाही.

कॉलेजच्या वकिलांनी छान मांडलं. एक बाई एकाच वेळी दोन ठिकाणी कशी असेल. न्यायमूर्तींनी पट मागवून पानं चाळली आणि सर्टिफिकेटशी ताडून बघितली.

"मिस्टर बोर्डे, तुमची अशील बाळंत होता होता पुराव्याचा कायदाही शिकत होती, असं दिसतं."

कोर्टात हशा झाला. बोर्डे वकील काहीतरी बोलले, बिनदोरीच्या पतंगासारखं. शाहीन उठायला गेली. मी ओढणी खाली ओढली. ती कुजबुजली, "सोड, फाटेल." मी म्हटलं, "फाटू दे."

तेवढ्यात पुढं मॅडम उभ्या राहिल्या. कॉलेजच्या वकिलांनी त्यांच्याकडं वळून हातानं बसा बसा केलं. त्या बसल्या नाहीत.

"साहेब, हा पट माझ्या हातचा आहे. मला बोलू द्यावं."

"बोला."

"ती मुलगी त्या दिवशी वर्गात नव्हती."

"मग हजर कुणी लिहिलं?"

"मी."

"ती नसताना?"

"तिच्या नावाला उत्तर आलं. मी मान वर केली नाही..." मॅडम थांबल्या. "नाही साहेब. ते खरं नाही. मी मान वर केली होती. ती नाही हे बघितलं, आणि तरी लिहिलं. महिनाभर."

कॉलेजच्या वकिलांनी हातातला कागद टेबलावर ठेवला.

"उत्तर कोण देत होतं?" न्यायमूर्तींनी विचारलं.

माझ्या मनगटावरचा वेढा ताणला गेला.

"साहेब, पटात उत्तर येतं, आवाज येत नाही. पट खरा ठेवायची जबाबदारी लिहिणाऱ्याची. ती माझी. जे सांगायचं ते मी माझ्यापुरतं सांगितलं. ते सगळे दिवस गैरहजर धरावेत."

न्यायमूर्तींनी पट पुन्हा उघडून ती पानं बघितली. मग शेजारच्या न्यायमूर्तींच्या कानाशी वाकले. दोघंही किंचित हसले.

"म्हणजे कॉलेजच्या बाजूनं आलेली साक्ष म्हणते, हिची हजेरी आणखी कमी करा. आणि ती कमी केली की हिचं सर्टिफिकेट खरं ठरतं."

"हो साहेब."

"तुम्ही पुरावा शिकवता ना?"

"तीस वर्षं. आज पहिल्यांदा दिला."

बाळंतपणाचे आणि आजाराचे दिवस हिशेबातून वगळावेत, हिला परीक्षेला बसू द्यावं, आणि निकालाआधी बुडालेल्या तासांपैकी शक्य तेवढे भरून घ्यावेत, असा आदेश झाला. "तास कोण घेणार?" असं विचारल्यावर मॅडम म्हणाल्या, "मीच घेईन, दुसरं कोण घेणार?" गैरहजेरी वाढली म्हणून परीक्षेला बसता आलं, अशी विद्यार्थिनी मी दुसरी पाहिली नाही.

बाहेर कडुनिंबाखाली आत्यांनी डबा उघडला. धपाटे आणि दही. मॅडम कॉलेजच्या गाडीतून परत जाणार नव्हत्या, त्यांना कुणी बोलावलंही नव्हतं. आत्यांनी हाताला धरून त्यांना बसवलं. त्यांनी शर्वीला मांडीवर घेतलं, तर ती छत्रीची मूठ चोखायला लागली.

"तुमचं काय होईल आता?" मी विचारलं.

"नोटीस येईल. जूनमध्ये रिटायरच होतेय. नोटिशीचं उत्तर लिहीपर्यंत जून येईल."

"का लिहिलंत मॅडम? तुम्ही तर कुणाला एक हजेरी..."

त्यांनी शाहीनकडं बघितलं. शाहीन धपाट्याचे तुकडे करत होती, खात नव्हती.

"शर्वी झाली त्या दिवशी ही तुझ्या नावाला ओ द्यायला लागली, तेव्हाच मी हिला थांबवलं. म्हटलं, रेवती कशी आहे? ही म्हणाली, बरी आहे, सासूबाईंनी फोनवर सांगितलं. मी म्हटलं, ऐकीव पुरावा चालत नाही. संध्याकाळी जा, डोळ्यांनी बघून ये, उद्या मला सांग. मग लिहिते."

"मला आधी शिक्षाच वाटली," शाहीन म्हणाली. "पहिले दोन दिवस शिक्षा म्हणून आले. मग खिरीसाठी."

"रोज तासाच्या आधी येऊन सांगायची. आज केस विंचरले नाहीत. आज निम्मंच जेवली. आज हसली, पण माझ्यासाठी हसली. मी लिहायची. मला ते खोटं वाटायचं नाही, खरं सांगते. तुला कुणीतरी बघून आलंय, एवढं मला त्या एका अक्षरात दिसायचं." त्यांनी शर्वीच्या तोंडातून छत्री काढून घेतली. "मग एके दिवशी तुझं नाव घेतलं, आणि कुणी ओ दिली नाही."

शाहीननं मान खाली घातली.

"मी पुन्हा घेतलं. ही समोरच्या बाकावर बसली होती, अशीच. तोंड उघडेना. बघूनच आली नव्हती, तर काय बोलणार? मी पट मिटला, वर्ग सोडला आणि तुझ्या घरी आले."

इतके दिवस मला वाटत होतं, त्या हजेरीसाठी आल्या होत्या.

आत्यांनी माझ्या पाठीवरून हात फिरवला आणि मॅडमच्या पानात आणखी एक धपाटा टाकला.

"मैत्रिणींपासून जपून राहा म्हणाले होते मी तुला," मॅडम म्हणाल्या. "त्यात स्वतःला धरायचं राहूनच गेलं."

शर्वी आता पहिलीत आहे. पुण्याची खोली नवऱ्यानंच सोडली. शाहीनच्या पाटीवरचं वर्तमानपत्र निघालं, आणि त्या पाटीखाली माझी एक लहान पाटी आहे. मॅडम दर गुरुवारी ऑफिसात येतात, आमच्या कागदांतल्या चुका काढतात आणि जाताना विचारतात, या आठवड्यात कुणाकडं जाऊन आलात? आमच्याकडं सांगायला एखादं तरी नाव असावं लागतं.

तुमच्याही ओळखीत असेल कुणीतरी. नुकतीच बाळंत झालेली एखादी मैत्रीण, भाची, वरच्या मजल्यावरची सून. आधी रोज बोलायची, हल्ली हाकेला ओ येत नाही. फोन केला तर 'मी बरी आहे' म्हणते, घरातलेही 'झोपलीय' म्हणतात. ते खरं धरू नका. आज संध्याकाळी तिच्या दारात जा, आतून बाळाचं रडणं ऐकू आलं तर परत फिरू नका, आणि तिनं केस विंचरलेत का, तेवढं बघून या.